स्वस्तातली वस्तू, चार देश आणि सही करणारा माणूस

सोल्डरगन

बाणेरच्या एका छोट्या कंपनीत सौर दिव्यांचं फर्मवेअर लिहितो. दिवा विकला जातो केनिया-टांझानियात, बनतो चीनमधल्या शेन्झेनला, ब्रँड आणि पैसा युरोपातला आणि आतला कोड आमचा, पुण्याचा. नावं घेत नाही, करारात हात अडकलेत. परवा ऑफिसात ‘विकसनशील देशांसाठी ग्राहक तंत्रज्ञान’ या विषयावर एक सादरीकरण झालं. सगळ्या देशांचे झेंडे, सगळे एकमेकांचे हात हातात घेऊन हसतायत. काम असं होत नाही हो, म्हणून हा धागा.

आमचा दिवा हप्त्यांवर मिळतो. गिऱ्हाईक मोबाइलवरून पैसे भरतं, एसएमएसने आकड्यांचा कोड येतो, तो दिव्याच्या बटणांवर दाबला की ठरावीक दिवस दिवा चालू. दिव्यात सिम नाही की इंटरनेट नाही. सर्व्हरकडे आणि दिव्याकडे एकच गुप्त किल्ली आणि आजवरच्या कोडांची एकच मोजणी असते, त्यावरून कोड खरा की खोटा एवढं दिवा स्वतः तपासतो. वापरलेला कोड पुन्हा चालत नाही, कारण मोजणी पुढे गेलेली असते. सगळे हप्ते फिटले की शेवटच्या कोडने दिवा कायमचा मोकळा होतो.

स्पेकमध्ये, म्हणजे वस्तू कशी चालावी त्याच्या लेखी तपशिलात होतं: कोड टाकल्याक्षणापासून २४ तास म्हणजे एक दिवस. हिशेबाला चोख. पण माणूस कोड टाकतो कधी? कामावरून घरी आल्यावर, अंधार पडल्यावर. म्हणजे सात दिवसांचा कोड संध्याकाळी सातला टाकला की पुढच्या आठवड्यात बरोबर सातच्या ठोक्याला दिवा जाणार. पोरं अभ्यासाला बसलेली, चूल पेटलेली. केनियातल्या विक्रीच्या माणसांनी हे पहिल्या खेपेलाच कळवलं होतं, उपायासकट. रात्री बंद करू नका, सकाळी करा.

आमच्याकडे ते दुपारभराचं काम होतं. दिव्याच्या घड्याळावर भरवसा नाही, बॅटरी पार उतरली की वेळ हरवते. पण सौर पॅनेल आहे ना! पॅनेलचा व्होल्टेज चढायला लागला म्हणजे उजाडलं. मुदत संपली तरी पॅनेल जागं होईपर्यंत दिवा चालू ठेवायचा, विषय संपला.

मंजुरी यायला अख्खा पावसाळा गेला. ज्याला कळलं होतं त्याला सहीचा अधिकार नव्हता. ज्याला अधिकार होता त्याच्या तक्त्यात ‘अर्धा दिवस फुकट’ एवढंच दिसत होतं. कारखान्याचं म्हणणं, साचा बदलत नाही ना, मग आम्हाला काय विचारता. आणि आम्ही पुणेकर मधल्या मध्ये, दोन्हीकडे ‘नोटेड’ लिहीत.

तर इथल्या मंडळींना विचारायचंय. तुमच्या धंद्यात, तुमच्या क्षेत्रात, अशा वस्तूंवर शेवटची सही कोण करतं? माझ्या मते ती वापरणाऱ्याच्या जवळच्या माणसाची हवी.

पेठी खवट

झेंड्यांबद्दल सहानुभूती. माझा नियम सोपा आहे, ज्या वस्तूवर ‘गरिबांसाठी खास’ असं लिहिलंय ती घेऊ नये. आकाश टॅबलेट आठवतोय का कुणाला? ऑक्टोबर २०११. डेटाविंड ही कॅनडा-ब्रिटनमधली कंपनी, राजस्थानची आयआयटी, दिल्लीचं मंत्रालय, जुळणी हैदराबादला. तुमच्यासारखेच चार झेंडे. ३६६ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, २५६ एमबी रॅम, आणि पडदा असा की बोट फिरवून भागत नव्हतं, नख रोवावं लागायचं. किंमत आधी जाहीर झाली, मग त्या किमतीत मावेल ते कोंबलं. सही कुणाची म्हणाल तर पत्रकार परिषदेची.

कावेरी कर्वेनगर

खवटराव, आकाश सोडा, त्याच्या आधीचा लॅपटॉप बघा. ‘वन लॅपटॉप पर चाइल्ड’चा तो हिरवा-पांढरा एक्सओ. निकोलस निग्रोपाँटे यांनी २००५ मध्ये घोषणा केली, शंभर डॉलरचा लॅपटॉप म्हणून. डिझाइन अमेरिकेत, उत्पादन तैवानच्या क्वांटाकडे. २००७ मध्ये हातात पडला तेव्हा किंमत १८८ डॉलरच्या घरात होती. आपल्या मनुष्यबळ विकास मंत्रालयाने २००६ लाच नको म्हटलं होतं. तरीही कर्जत तालुक्यातल्या एका धनगरवाड्याच्या शाळेत २००७ मध्ये हे लॅपटॉप आले. लोणावळ्याचा घाट उतरला की कर्जत, म्हणजे पुण्याहून काही सातासमुद्रापार नाही.

आणि यंत्र भिकार नव्हतं, हे मुद्दाम सांगते. भर उन्हात वाचता येणारा पडदा होता. पंखा नाही, हार्ड डिस्क नाही, कीबोर्ड रबराचा, धूळ-पाणी आत जाणार नाही असा. तेव्हाच्या महागड्या लॅपटॉपलाही हे जमत नव्हतं. फरक दुसरीकडे पडला. उरुग्वेने २००७ मध्ये प्लान सेइबाल काढून दुरुस्ती, शाळांमधलं इंटरनेट, शिक्षकांचं प्रशिक्षण हे सगळं सरकारच्या अंगावर घेतलं आणि तिथे ते टिकलं. बाकी कित्येक ठिकाणी लॅपटॉप पोचले, बिघडले आणि कपाटात गेले. मी शाळेत शिकवते, कपाटात गेलेल्या वस्तूंवर मी प्रबंध लिहू शकेन. आमच्याकडे कपाटाच्या किल्लीचंही रजिस्टर आहे, त्यावर मात्र सही माझी असते.

तपकीरगल्ली

नमस्कार मंडळी. मी इथं वाचायलाच येतो, पण चायना फोनचा विषय कुणी काढंना म्हणून लिहितो. बुधवारात मोबाइल रिपेरिंगचं काम करतोय, आधी रेडिओ-टेपचं करायचो.

तुम्ही सगळे मोठमोठ्या योजना सांगताय. खरा सहयोग तर २००७-०८ च्या सुमाराला आमच्या काउंटरवर झाला, कुठलाही झेंडा न लावता. तैवानच्या मीडियाटेकने काय केलं, चिप, तिच्यावरचं सॉफ्टवेअर आणि बोर्डाचा नकाशा असा तयार संच विकायला काढला. त्यामुळं शेन्झेनमधला चार खोल्यांचा कारखानासुद्धा फोन बनवायला लागला. इकडचे व्यापारी तिथल्या हुआचियांगबेईच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात जायचे आणि तोंडी सांगायचे, भाऊ, स्पीकर मोठा लाव, बॅटरी डबल कर, टॉर्च दे, आणि दोन सिमा बसल्या पाहिजेत. पुढच्या खेपेला तसा माल हजर! एक सिम कंपनीच्या स्कीमचं, एक गावाकडं रेंज असलेलं, हे गिऱ्हाइकाचं दुखणं आम्हाला रोज दिसायचं. नोकियासारख्या नोकियाला डबल सिम आणायला २०१०-११ उजाडलं.

तुम्ही विचारता सही कुणाची. रोख मोजणाऱ्याची. माल पडून राहिला तर त्याचेच पैसे बुडणार, मग तो नीट ऐकतो.

पण एकतर्फी सांगत नाही. त्या फोनांवर आयएमईआय, म्हणजे फोनची ओळख सांगणारा नंबर नसायचा नाहीतर हजार फोनांवर एकच. २००९ च्या शेवटी सरकारनं असले फोन नेटवर्कवरून बंद केले, तेव्हा काउंटरवर रोज भांडणं. बॅटऱ्या फुगायच्या. स्पेअर मिळायचे नाहीत, मेलेल्या फोनातून काढून दुसऱ्यात घालायचो. आणि ज्याच्याकडून घेतला त्याचा पत्ताच नाही, तक्रार कुणाकडं करणार?

मोठ्यांना जमत नाही असंही नाही हां. नोकिया ११००, २००३ चा. वरून एकसंध रबरी कीपॅड, धूळ आत जात नाही, टॉर्च, हातातून निसटत नाही. पंचवीस कोटींच्या वर विकला. आजही एखादा येतो, बॅटरी बदलली की चालू.

निवृत्त रांजणगाव

वरचा प्रतिसाद आवडला. मी धुण्याची यंत्रं आणि फ्रिज बनवणाऱ्या एका परदेशी कंपनीच्या गुणवत्ता विभागात नोकरी केली. रांजणगाव एमआयडीसीत एलजी आहे, हायर आहे, व्हर्लपूल आहे, आणखीही आहेत. माझी कोणती ते विचारू नका.

कागदावर आपला वीजपुरवठा २३० व्होल्ट, अधिक-उणे १० टक्के. मुख्यालयातून आलेलं डिझाइन त्यावर उत्तम चालायचं. आता शिरूरच्या पुढे, संध्याकाळी, सगळ्यांचे पंप चालू असताना एखाद्या घरात मीटर लावून बघा. १६० दिसला तरी घरच्यांना त्याचं काही वाटत नाही. फ्रिजच्या कॉम्प्रेसरमधल्या इंडक्शन मोटरचा टॉर्क, म्हणजे फिरवायचा जोर, व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणात पडतो. २३० चा १६० झाला म्हणजे टॉर्क निम्म्याहून खाली. कॉम्प्रेसर उठायला बघतो, उठत नाही, करंट ओढतो, ओव्हरलोड रिले त्याला तोडतो, थंड झाला की पुन्हा जोडतो. टक्. पाच मिनिटांनी पुन्हा टक्. रात्रभर चाललं की वाइंडिंग जळालंच.

तक्रारी आल्या की मुख्यालयाचं उत्तर ठरलेलं, ग्राहकाने स्टॅबिलायझर लावावा. त्यांच्या हिशेबी चूक ग्राहकाच्या घरची. मग आम्ही एका गावातल्या घरात व्होल्टेज रेकॉर्डर ठेवला आणि तो आलेख तिकडून आलेल्या इंजिनिअरसमोर व्हेरियाकवर (व्होल्टेज हवा तसा कमी-जास्त करणारं यंत्र) जसाच्या तसा चालवला. तो स्टूल ओढून फ्रिजपाशी बसला आणि रिलेचे आवाज मोजत राहिला. चहा आला, तोही तिथेच घेतला. नंतर जेवायलासुद्धा उठेना. चांगला माणूस होता.

पण खरा बदल त्यानेही झाला नाही. इथल्या प्रयोगशाळेला मॉडेल नापास करायचा अधिकार मिळाला तेव्हा झाला. तोवर आमचा अहवाल ‘सूचना’ म्हणून जात असे. नंतर तो गेला की उत्पादन थांबायचं. स्टॅबिलायझरविना चालणारे फ्रिज, यंत्राच्या तळाला उंदरांसाठी जाळी (वायरी कुरतडल्याच्या तक्रारी तिकडे कुणाला खऱ्याच वाटत नसत), खाली फ्रीझर आणि वर भाजीपाला असे हायरचे फ्रिज, या सगळ्यामागे इथल्या घरात डोकावलेला कुणीतरी असतो. आपल्याकडे फ्रीझर दिवसातून एकदा उघडतो नि भाजीचा कप्पा दहादा. वाकायचं कशाला?

अक्षरवेडी

माझं क्षेत्र अगदी वेगळं, अक्षरं. पण प्रश्न तोच.

पुण्यात सी-डॅक ही सरकारी संगणक संशोधन संस्था १९८८ मध्ये आली. कानपूर आयआयटीत सुरू झालेलं जिस्टचं, म्हणजे संगणकावर भारतीय लिप्या आणायचं काम इथे वाढलं, १९९१ मध्ये इस्की हे भारतीय लिप्यांच्या संकेतांकांचं प्रमाण ठरलं, आणि युनिकोड या जगभरच्या लिप्यांच्या प्रमाणातला देवनागरीचा भाग इस्कीच्या आधीच्या, १९८८ च्या आवृत्तीवर उभा आहे. आज जगातल्या कुठल्याही फोनवर देवनागरी उमटते तिच्या तळाशी हे काम आहे. पण संकेतांक ठरला म्हणजे पडद्यावर अक्षर नीट दिसेल असं नाही. ‘वाऱ्यावर’ किंवा ‘दऱ्या’ लिहून बघा. हा अर्धा र हिंदीत लागत नाही, म्हणून हिंदी पाहून ‘देवनागरी झाली’ असं ठरवणाऱ्यांच्या नजरेतून तो सुटायचा. स्वस्त फोनांवर कितीतरी वर्षं तिथे पाय मोडलेला ऱ आणि शेजारी सुटा य दिसायचा.

मुक्त सॉफ्टवेअरच्या जगात हे सुटणं सोपं होतं. लोहित फॉन्ट रेड हॅटच्या पुण्यातल्या लोकांनी सांभाळले. अक्षरं जुळवणारं हार्फबझ हे इंजिन अँड्रॉइड, क्रोम, फायरफॉक्स सगळीकडे एकच. कोथरूडमधल्या कुणीही तक्रार नोंदवावी, सोबत फॉन्टचा दुरुस्त नियम जोडावा, पटला तर घेतला जातो. तिथे तुमचं पद कुणी विचारत नाही. घोडं पुढे अडतं. दुरुस्ती झाली तरी विकलेल्या स्वस्त फोनला अपडेट द्यायचा का हे कंपनी ठरवते, आणि सहसा देत नाही.

शेवटी सरकारनेच काठी उगारली. भारतीय मानक आयएस १६३३३, भाग ३, साल २०१६. फोनवर राज्यघटनेतल्या बावीसही भाषा वाचता आल्या पाहिजेत, आणि लिहिण्यासाठी इंग्रजी, हिंदी आणि आणखी एक भारतीय भाषा हवी. एरवी मला सक्ती आवडत नाही, पण यापूर्वी कंपन्यांच्या लोकांना विनवण्या करून काय मिळालं होतं? ‘रोडमॅपवर आहे’.

सोल्डरगन

बाप रे, धागा तर माझ्या दिव्यापेक्षा मोठा झाला. अक्षरवेडी, तुमच्या मुद्द्याला जोडून एक गोष्ट सांगतो, माझ्या मते या विषयातली सगळ्यात बोलकी.

फायरफॉक्स ओएस, फोन चालवणारी एक मुक्त प्रणाली. कॅलिफोर्नियातली मोझिला म्हणाली, वेबवरच चालणारा फोन बनवू, म्हणजे हार्डवेअर स्वस्त चालेल. २०१४ च्या ऑगस्टमध्ये भारतात इंटेक्स क्लाउड एफएक्स आला, १,९९९ रुपयांना. चिप शांघायच्या स्प्रेडट्रमची, रॅम १२८ एमबी, थ्रीजी नाही. आणि व्हॉट्सॲप नाही! २०१४ मध्ये, भारतात. कोडमध्ये खोट नव्हती, मी तो वाचलाय, सुंदर होता. पण व्हॉट्सॲपवाल्यांना टेबलापाशी आणेल असं वजन त्या टोळीत कुणाकडेच नव्हतं. २०१५ च्या डिसेंबरात मोझिलाने फोन विकणं थांबवतोय असं जाहीर केलं.

कोड मुक्त होता, म्हणून मेला नाही. त्याच्यातून कायओएस झाली. २०१७ मध्ये जिओफोन त्याच्यावर आला, दीड हजार अनामत, कीपॅडवाला, फोरजी. २०१८ मध्ये गुगलने कायओएसमध्ये २.२ कोटी डॉलर घातले, त्याच वर्षी व्हॉट्सॲपही जिओफोनवर आलं. मूळ कल्पना तीच, कोडचा पायाही तोच. फरक हा की या वेळी सही करणाऱ्याच्या हातात नेटवर्क होतं, दुकानं होती आणि गिऱ्हाइकांचा आकडा होता.

पेठी खवट

आणि त्याच सहीने फोन जिओच्याच सिमला बांधला, तेही लिहा की. दुसऱ्याचं कार्ड चालत नाही. तुमचा दिवाही हप्ता चुकला की अंधार करतो. ‘वापरणाऱ्याच्या जवळचा माणूस’ म्हणजे वापरणाऱ्याच्या बाजूचा माणूस, हे कुणी ठरवलं? तपकीरगल्लीवाल्यांचा व्यापारी निदान एकदा पैसे घेऊन मोकळा व्हायचा.

सोल्डरगन

टाळी. कुलूप मलाही खुपतं. पण ज्याच्याकडे पगाराची चिठ्ठी नाही आणि बँकेत नाव नाही त्याला हप्त्यावर माल कोण देणार, हा त्या कुलपामागचा हिशेब आहे. एम-कोपा या हप्त्यांवर सौर दिवे विकणाऱ्या कंपनीने केनियात तो चालवून दाखवला. फिटल्यावर कुलूप खरोखर निघतं की नाही, इथे मात्र मी स्वतः डोळ्यात तेल घालून असतो.

नैरोबीकर काका

मी मूळ सदाशिव पेठेतला, बरीच वर्षं नैरोबीत व्यवसाय. पुणेकरांनी दुसऱ्या देशासाठी वस्तू बनवावी याचा आनंद आहे, पण एक तक्रारही आहे. पुण्याहून येणाऱ्या टीमा आता हुबेहूब तेच करतात, जे तुम्ही या धाग्यात परदेशी मुख्यालयांच्या नावाने बोलताय. पहिला प्रश्न असतो, ‘यूपीआयसारखं काही नाही का?’ अरे बाबा, एम-पेसा ही मोबाइलवरून पैसे पाठवायची सेवा केनियात २००७ पासून आहे. तोही सहयोगच, व्होडाफोनचं डोकं, ब्रिटिश सरकारच्या मदत खात्याचा निधी, सफारीकॉमचं नेटवर्क. साध्या फोनवर चालतो. त्याचा जीव कोपऱ्यावरच्या एजंटात आहे, जो रोख घेतो आणि रोख देतो. तोच एम-पेसा व्होडाफोनने २०१३ मध्ये भारतात नेला आणि २०१९ मध्ये बंद पडला. तुमच्याकडे रिझर्व्ह बँकेचे नियम वेगळे, बँकांचं जाळं वेगळं, आणि २०१६ पासून यूपीआय. इथे जमलं म्हणून तिथे जमेल हे दोन्ही दिशांना खोटं ठरलंय.

फोनांचं बघायचं तर ट्रान्शनचं बघा. टेक्नो, आयटेल. कंपनी शेन्झेनची, पण खुद्द चीनमध्ये तिचं नाव फारसं कुणाला ठाऊक नाही. सावळ्या-काळ्या चेहऱ्यांवर कॅमेरा नीट प्रकाश मोजेल असं त्यांनी बसवलं, जास्त सिमांची सोय केली, इथिओपियात २०११ पासून जुळणी आणि अम्हारिक कीबोर्ड. पुण्याच्या किती टीमांनी इथली किस्वाहिली भाषा बोलणारा माणूस पगारावर ठेवलाय? भाषांतरासाठी म्हणत नाही हो, ‘हे चालणार नाही’ असं सांगायला.

सोल्डरगन

काका, एकही नाही. सध्या तो माणूस ग्राहक कंपनीच्या पगारावर आहे आणि आमच्या बैठकीत त्याला ‘ऐच्छिक’ म्हणून निमंत्रण जातं. पुढच्या करारात हे बदलायला सुचवलंय: फर्मवेअरची प्रत्येक आवृत्ती केनियाच्या टीमने पास केल्याशिवाय कारखान्यात चढणार नाही. रांजणगावच्या काकांची ‘नापास करायचा अधिकार’वाली ओळ जशीच्या तशी उचलली आहे. व्यवस्थापकांनी विचारलं, उशीर झाला तर दंड कुणी भरायचा? त्याला अजून उत्तर नाही.

निवृत्त रांजणगाव

उचला खुशाल. दंडाचं आमच्याकडे असं होतं: चाचणीला किती दिवस ते आधीच करारात. तेवढ्यात नापास केलं नाही तर पास धरायचं. त्यामुळे इथल्यांनाही चालढकल करता येत नसे.

तपकीरगल्ली

सोल्डरगन साहेब, एकच विचारायचं राहिलं. तुमचा दिवा उघडतो का? स्क्रू आहेत का चिकटवलाय? आणि आतला सेल बाजारात मिळतो का?

सोल्डरगन

स्क्रू आहेत, चार, साधे फिलिप्स. व्हेरासोलच्या (आधी जागतिक बँकेच्या लायटिंग ग्लोबलच्या) मानकांनुसार चाचणी होते, पाण्या-पडण्याची सगळी, तरी स्क्रू ठेवता आलेत. सेल लिथियम आयर्न फॉस्फेटचा, एलएफपी. मिळतो. पण कनेक्टर कारखान्याने स्वतःचा काढलाय.

तपकीरगल्ली

मग झालं की. कनेक्टर कापून वायरी सोल्डर करतील पोरं, तिकडं पण आमच्यासारखी असतीलच. फक्त बॅटरी काढल्यावर तुमचं ते कोडचं गणित पुसलं जाणार नाही एवढं बघा, नाहीतर रिपेर करणाऱ्यालाच चोर म्हणतील.

सोल्डरगन

नाही पुसलं जात. उरलेले दिवस आणि मोजणी दोन्ही फ्लॅश मेमरीत असतात, सेल काढला तरी राहतात. कनेक्टरचं मात्र सोमवारच्या कॉलमध्ये घालतो. शेन्झेनवाले म्हणतील साचा बदलावा लागेल.

तपकीरगल्ली

बोर्डावरचाच बदलायचा, साचा कशाला? फोटो टाका.